नवरदेवाची कट्यार मुद्देमालात

शुक्रवार, सकाळी अकराचा सुमार. सन एकोणीसशे अठ्ठेचाळीस, दिवाळी नुकतीच होऊन गेलेली. ठिकाण बोरी नदीच्या काठचं एक खेडं, नळदुर्गाहून अणदूरच्या अंगाला. पटवेगारांच्या घराची झडती चालू होती. ओसरीवर दोन पोलीस, अंगणात जमादार, उंबऱ्याबाहेर पंच म्हणून उभे केलेले गावातलेच दोघे. देवळीतून एक हत्यार निघालं.

ते हत्यार मी. बोलतेय ती एक कट्यार, आणि जे सांगतेय ते पोलीस कचेरीच्या मालखान्यातल्या फळीवरून. माझ्या मुठीला सुतळीनं चिठ्ठी बांधलेली आहे. लोकांनी माझ्याबद्दल जे लिहून ठेवलंय ते तुम्ही कधीही वाचू शकता. म्हणून आधी माझ्याकडून ऐका.

मला नळदुर्गच्या धोंडीबा लोहारानं घडवलं. बैलगाडीच्या चाकाची झिजलेली लोखंडी धाव त्याच्याकडे पडली होती, तिचा हा तुकडा. पातं वीतभर, मूठ पितळेची. महेबूब पटवेगार शेजारी बसून होता. तो म्हणाला, "धार नको बरं का. टोक काढा नुसतं, लिंबू टोचण्यापुरतं."

"धार न्हाय तर हिला हत्यार कसं म्हणायचं?" धोंडीबा म्हणाला.

"नका म्हणू."

धोंडीबा हसला आणि मला पाण्यात बुडवलं. म्हणजे मी हत्यार नाही हे माझ्या जन्माच्या दिवशीच ठरलं होतं. दोन माणसांनी ठरवलं होतं आणि दोघंही आता हयात नाहीत. साक्ष कुणाची काढू?

पटवेगार म्हणजे रेशीम आणि जर वळून पोट भरणारी माणसं. करदोडे वळायचे, गळ्यातले मणी ओवून द्यायचे, आणि लग्नसराईत हिंदूंच्या मुंडावळ्या व मुसलमानांचे सेहरे एकाच ओसरीवर गुंफायचे. महेबूब जरीची तार ओढायचा, त्याची बायको सकिनाबी गाठी मारायची. इतक्या बारीक गाठी की दुसऱ्याला त्या दिसतसुद्धा नसत. तिला दिसायच्या. तेव्हा दिसायच्या.

आमच्या भागात नवरदेवाला हळद लागली की लग्न लागेपर्यंत त्याच्या हातात कट्यार असते, टोकाला लिंबू खोचलेलं. मराठ्यांत असते, लिंगायतांत असते, मुसलमानांतही असते. का, असं विचारलं तर म्हातारी माणसं म्हणतात, नजर लागू नये म्हणून. तरणी माणसं काहीच म्हणत नाहीत, निमूट धरतात. घरोघर कट्यार नसते. लोक सकिनाबीकडे मुंडावळ्या न्यायला यायचे आणि जाताना मला घेऊन जायचे. परत आणताना रिकामं आणायचं नाही, सोबत नारळाची वाटी आणि मूठभर अक्षता आणायच्या, एवढाच रिवाज होता.

सकिनाबीचा आणखी एक नियम होता. पातं पुसायचं, तेल लावायचं, पण टोक घासायचं नाही. ज्या टोकाला नवरदेवाची हळद लागली ते घासलं तर त्याचा संसार घासला जातो, असं तिची सासू सांगून गेली होती. ते कुठल्या किताबात नव्हतं आणि कुठल्या पोथीतही नव्हतं. पण गावातल्या प्रत्येक आईला ते माहीत होतं आणि प्रत्येक आई मला परत देताना सकिनाबीला बजावायची, "भाभी, टोक घासू नगा."

लिंबाच्या रसानं लोखंड काळवंडतं. त्यावर हळद बसते, हळदीवर कुंकू, कुंकवावर पुढच्या लग्नातल्या लिंबाचा रस. असे थर चढत गेले. माझं टोक तांबूस काळं झालं. गाव त्याला शकुन म्हणायचं.

बब्रुवानचं लग्न मला चांगलं आठवतं. गावातलं मोठं शेतकरी घर, वरातीला घोडं, आणि घोड्यावर घामानं डबडबलेला बब्रुवान. त्यानं मला इतकं घट्ट धरलं होतं की त्याची बोटं पांढरी पडली होती.

"अरं, कट्यार हाय ती, नांगराचं रुमणं न्हाय," त्याचा मेव्हणा खालून ओरडला. "ढिली सोड जरा. न्हाय पळत."

"कोण? कट्यार का नवरी?" वरातीतून कुणीतरी विचारलं.

वरात हसली. बब्रुवानही हसला आणि लिंबू निसटून खाली पडलं. ते पुन्हा खोचून दिलं सकिनाबीच्या मुलानं, गफारनं. वरातीत तो मुंडावळ्यांचं तबक धरून चालत होता. त्या रात्री बब्रुवानच्या आईनं, द्वारकाबाईनं, गफारला पहिल्या पंगतीला बसवून जेवू घातलं.

महेबूब गेल्यावर दुकान गफारकडे आलं. त्याचं लग्न झालं, बायको पहिल्या बाळंतपणात मूल घेऊनच गेली. मग घरात माय-लेक उरले आणि कोनाड्यात मी.

पहिली झडती निजामाच्या राज्यात झाली. सत्तेचाळीस साल होतं. सरहद्दीवर काँग्रेसवाल्यांचे कॅम्प पडले होते आणि अमीन, म्हणजे त्या राज्यातला फौजदार, गावोगाव हत्यारं हुडकत फिरत होता. त्यानं मला उचललं, उलटंपालटं करून पाहिलं आणि म्हणाला, "ये तो नौशे की कटार है." नौशा म्हणजे नवरदेव. मला होती तिथं ठेवली आणि पुढं गेला. त्या अमीनाचं मी कौतुक करत नाही. त्याच दिवशी त्यानं शेजारच्या महांतप्पाच्या घरातून ठासणीची जुनी बंदूक नेली आणि महांतप्पाच्या पाठीवर वळ उठवले. एवढंच सांगायचं की मी काय आहे हे त्याला कळलं, कारण तो इथलाच होता.

मग रझाकार आले. गावातले दोघे त्यांच्यात गेले. गफारलाही बोलावणं आलं. तो ओसरीवर करदोडा वळत बसला होता. म्हणाला, "हातातलं सोडलं तर पीळ सुटतो." उठला नाही. त्यांनी जाताना रेशमाची पेटी लाथेनं उलटवली.

पुढच्या सप्टेंबरात फौज आली आणि निजामाचं राज्य पडलं. त्यानंतरचे आठवडे या जिल्ह्यात कसे गेले हे ज्यांनी पाहिलं ते बोलत नाहीत. ज्यांनी केलं ते तर मुळीच बोलत नाहीत. शेजारच्या गावातून धूर दिसला त्या दिवशी महांतप्पानं गफारला आपल्या कडब्याच्या गंजीत लपवलं. नागम्मा, महांतप्पाची बायको, शेणाच्या पाटीत तळाशी भाकरी घालून नेऊन द्यायची. सकिनाबीला तिनं स्वतःच्या घरात नेऊन निजवलं. मी मात्र देवळीतच राहिले. मला लपवावं असं कुणाच्या डोक्यातही आलं नाही, कारण मला लपवण्यासारखी वस्तू कुणी कधी समजलंच नव्हतं.

वारं शांत झालं, गफार घरी आला. मग दिवाळी झाली आणि तो शुक्रवार उजाडला.

जमादार बाहेरच्या मुलखातून बदलून आलेला होता. इथलं मराठी त्याला धड कळत नव्हतं. त्यानं मला उजेडात धरलं आणि टोकावर नख फिरवलं. "ये लाल क्या है?"

"हळद-कुंकू हाय, सायब," सकिनाबी म्हणाली. "आन् लिंबाचा रस. नवरदेवाची कट्यार हाय ती."

"मुसलमान के घर में कुंकू?" जमादार पोलिसांकडे पाहून हसला. "बुढ़िया, झूठ भी ढंग से बोल."

घरात जे खरं होतं ते बाहेरच्या माणसाला खोटं वाटलं. इथपर्यंत मी जमादाराला फारसा दोष देत नाही. त्याला माहीत नव्हतं. पण उंबऱ्याबाहेर दोघे उभे होते, त्यांना माहीत होतं. त्यातला एक बब्रुवान.

"बब्रुवान, सांग की बाबा ह्यास्नी," सकिनाबी म्हणाली. "तुझ्या लग्नात तूच धरली हुतीस."

बब्रुवाननं जमादाराकडे पाहिलं. मग गफारकडे पाहिलं, त्याचे हात मागं बांधत होते. मग स्वतःच्या पायांकडे पाहिलं. "चाची, लई वर्सं झाली," तो म्हणाला. "मला काय ठावं, ती हीच का दुसरी."

दुसऱ्या पंचानं त्याच्याकडे पाहून मान डोलावली. पंचनामा झाला. टोकावर रक्तासारखे डाग, असं त्यात लिहिलं. बब्रुवाननं सही केली, दुसऱ्यानं अंगठा उठवला. बेकायदा हत्यार आणि खुनात सामील, असे दोन आरोप गफारवर लागले. मला फडक्यात गुंडाळून नेलं. आयुष्यात पहिल्यांदा मी त्या घरातून नारळ-अक्षतांच्या वचनाशिवाय बाहेर पडले.

संक्रांतीच्या सुमाराला गफार जामिनावर सुटला. जामीन राहिला महांतप्पा. कचेरीच्या ओट्यावर कुणीतरी त्याला टोचलं, "काय महांतप्पा, रझाकाराचा पुळका आला व्हय तुला? पाठीवरचे वळ बुजले वाटतं."

"पटवेगाराचा पुळका आलाय," महांतप्पा म्हणाला. "रझाकार कुणीकडचा ते दाव, मंग त्येचंबी बघतो."

आता मालखान्याची रचना सांगते, म्हणजे मला पुढचं सगळं कसं ऐकू आलं ते कळेल. मालखाना ही कारकुनाच्या खोलीला लागून असलेली कोंदट खोली. मध्ये गजांचं दार. फळीवर माझ्या शेजारी एक फुटका कंदील, एक रक्त वाळलेली चप्पल आणि ठासणीच्या बंदुका. त्यातली एक महांतप्पाची असावी, पण ती बोलत नाही. दारापलीकडे शरणप्पा कारकून बसतो. निजामाच्या राज्यातही तोच बसायचा. उर्दूत लिहायचा, आता मराठीत लिहितो. गावोगावचे दाखले, जबान्या, पासपोर्टसाठीची पोलीस चौकशी, सगळं त्याच्या मेजावरून जातं.

उन्हाळा लागता लागता एका सकाळी सकिनाबीचा आवाज आला. सोबत गफार होता.

सकिनाबीला हजला जायचं होतं. पण 'जायचं होतं' म्हटलं की नुसती वर्षानुवर्षांची इच्छा वाटते, आणि खरी गोष्ट त्याहून निकडीची होती. तिची नजर जात होती. जन्मभर जरीत आणि रेशमात घातलेली नजर. नळदुर्गच्या डॉक्टरनं तिला सरळ सांगितलं होतं की पुढच्या थंडीपर्यंत जेवढं दिसतंय तेवढं पाहून घ्या. त्यावर तिनं जे पाहायचं ठरवलं ते एकच. महेबूब गेला तेव्हाच तयारी सुरू झाली होती, हजसाठी पांढरं कापड शिवून पेटीत ठेवलेलं होतं. जहाज मुंबईहून श्रावणाच्या सुमाराला निघणार होतं.

शरणप्पानं पासपोर्टचे दोन्ही अर्ज पाहिले. "चाची, तुमच्यावर कायबी न्हाय. तुमचा दाखला आजच लावून देतो. गफारचं आवघड हाय. ज्याच्यावर खटला चालू हाय त्याला पासपोर्ट मिळत न्हाय."

"खटला मिटंल की," गफार म्हणाला.

"मिटला की या."

"मिटंल कवा?"

"पंचांच्या साक्षी झाल्या की."

"साक्षी कवा व्हत्याल?"

"पंच आले की."

"आन् पंच?"

"तारीख पडली की." शरणप्पानं टाक दौतीत बुडवला. तो वाईट माणूस नाही. इतकी वर्षं असे प्रश्न ऐकून त्याला उत्तरं पाठ झाली होती, एवढंच.

"मंग मी एकली जाते," असं काही सकिनाबी म्हणू शकत नव्हती. तिच्या धर्मात बाईमाणसानं इतक्या लांब जायचं तर सोबत महरम लागतो. नवरा, मुलगा, भाऊ, असा कुणीतरी सख्खा. नवरा गेलेला, भाऊ नव्हताच, मुलगी-जावई नाहीत. गफार हाच तिचा एकुलता महरम. त्याचा पासपोर्ट अडला की तिचाही अडला, मग तिच्यावर गुन्हा असो वा नसो.

जामिनाच्या हजेरीसाठी आलेला महांतप्पा तिथंच बाकावर होता. तो म्हणाला, "भाभी, मी येतो की भाऊ म्हणून. दाढी वाढवतो."

"गळ्यातलं लिंग काढणार व्हय?"

"ते न्हाय निघायचं."

"मंग गप बसा."

शरणप्पा हसला. सकिनाबीही हसली, पण तिचा चेहरा मला दिसला. ती हसताना शरणप्पाकडे बघत नव्हती. त्याच्या आवाजाकडे बघत होती.

तिचा पासपोर्ट आला. शरणप्पानं हातात दिला. तिनं तो उघडून चेहऱ्याजवळ नेला, फोटोवर अंगठा फिरवला, शिक्क्यावर फिरवला आणि पदरात बांधला. गफारचा अर्ज मेजावरच राहिला, वर दगड ठेवून.

वैशाखात, लग्नसराई चालू असताना, बब्रुवान कचेरीत आला. त्याला पाहून मला वाटलं, आला, उशिरा का होईना आला. तो शरणप्पाजवळ बसला, उपरण्यानं वारा घेतला, पाऊसपाण्याचं बोलला. मग आवाज खाली आणून म्हणाला, "शरणप्पा, येक काम हुतं. पोराचं लगीन काढलंय. तेवढी कट्यार लग्नापुरती मिळंल का?"

"कंची कट्यार?"

"ती की. पटवेगाराची. नवरदेवाची."

शरणप्पानं टाक खाली ठेवला. "काय म्हणलासा? परत म्हणा."

बब्रुवान चपापला. "आई हट्ट धरून बसलीय. म्हणती आपल्या घरात समद्यांनी तीच धरलीय, दुसरी चालायची न्हाय. लगीन लागलं की दुसऱ्या दिशी आणून देतो. सही घ्या पायजे तर."

"सही हाय की तुमची," शरणप्पा म्हणाला. "रक्ताचे डाग हायत म्हणून केलेली."

बब्रुवाननं उपरण्याचं टोक बोटाला गुंडाळलं.

"असं करा. पुढल्या तारखेला या आन् कोर्टात मुन्सफापुढं आत्ता म्हणलात तेवढंच म्हणा. नवरदेवाची कट्यार हाय. कट्यार सुटंल, गफार सुटंल. म्हातारी मक्केला जाईल."

"मंग तवा खोटं का सांगितलं म्हणून मलाच धरत्याल."

"धरत्याल का न्हाय, मी काय सांगू?"

"लगीन तोंडावर आलंय, शरणप्पा."

"तिचं जहाजबी तोंडावर आलंय."

बब्रुवान उठला. दाराशी थांबून त्यानं गजांतून आत पाहिलं. फळीवर मी त्याला दिसले असेन, कारण त्याचे डोळे माझ्यावर थांबले होते. "सोलापूरहून नवी आणतो मंग," तो म्हणाला आणि गेला.

त्यानं आणली. लग्नाला गेलेले पोलीस कचेरीत येऊन सांगत होते की मुलाच्या हातातली कट्यार झकास होती, चांगली धारेची, वांगंसुद्धा कापलं जाईल अशी. ती कुणी जप्त केली नाही.

आणि शरणप्पा? त्यानं बब्रुवानचं बोलणं स्वतःच्या कानांनी ऐकलं होतं. तारखेच्या दिवशी तोच मला उचलून कोर्टात घेऊन जायचा, टेबलावर ठेवायचा आणि भिंतीला टेकून उभा राहायचा. एक वाक्य त्यालाही बोलता आलं असतं. "कारकुनाची साक्ष कोण धरतंय," असं तो परतीच्या वाटेवर पुटपुटायचा. साक्ष दिल्यावर कुणी धरली नसती तर ती गोष्ट वेगळी होती. त्यानं दिलीच नाही. नोकरी निजामाच्या काळातली, नव्या सरकारात टिकवायची होती.

तारखा पडत गेल्या. एकदा पंचाला हिवताप आला. एकदा पेरणी आली. एकदा पंच आले तर मुन्सफ रजेवर होते. डाग हैदराबादेला पाठवून तपासून घ्या, असं पहिल्याच तारखेला ठरलं होतं. त्यासाठी मला फडक्यात बांधून लाखेचा शिक्काही मारला. मग घेऊन जायला शिपाई मोकळा नाही म्हणून फडकं तसंच राहिलं, आणि पुढच्या तारखेला दाखवायला हवी म्हणून शिक्का फोडून मला पुन्हा बाहेर काढलं.

आषाढात, जहाजाच्या आधीची शेवटची तारीख होती. सकिनाबी कोर्टात येऊन मागच्या बाकावर बसली. पंच आले नव्हते. मुन्सफ तरुण होते, नुकतेच बदलून आलेले. त्यांनी कागद वाचले, मला हातात घेतलं, पात्यावरून बोट फिरवलं. "हिला धार नाही," ते म्हणाले.

सरकारी वकील म्हणाले, "टोक आहे, साहेब."

"हिनं मारलं कुणाला?"

"तपास चालू आहे."

"मेलेल्याचं नाव काय?"

"तपास चालू आहे, साहेब."

मुन्सफांनी पुन्हा कागद चाळले. गफारनं हात जोडले. "साहेब, खटला चालू द्या. मी न्हाय म्हणत न्हाय. मला फकस्त आईला नेऊन आणायची परवानगी द्या. परत येतो. दुकान हितंच हाय माझं, घर हितंच हाय."

"गेलेले किती परत आले?" सरकारी वकील म्हणाले. ते कराचीबद्दल बोलत होते. त्या वर्षी कोर्टात हे सगळ्यांना कळायचं, फोड करून सांगावं लागायचं नाही.

"माझी माय हितल्या मातीत जायची हाय," गफार म्हणाला. "तिला सोडून मी कुठं जाऊ?"

मुन्सफांनी माझ्या टोकावर बोट टेकवून पाहिलं. मला वाटतं त्या क्षणी त्यांना काय करायला हवं ते कळलं होतं. मग त्यांनी दसऱ्यानंतरची तारीख दिली.

"जहाज त्याच्या आधी जातंय, साहेब."

"जहाज या कोर्टाच्या अखत्यारीत नाही," मुन्सफ म्हणाले. रागानं नाही म्हणाले. पुढच्या खटल्याचा पुकारा झाला.

मागच्या बाकावरून सकिनाबीनं हळूच विचारलं, "क्या बोले रे, गफार?"

"दसऱ्यानंतर बोले, अम्मा."

ती उठली. तिनं बाकाची कड धरली, मग भिंत, मग गफारचा खांदा.

जहाज गेलं. त्या जहाजातून या जिल्ह्यातली काही माणसं गेली, असं कचेरीत बोलणं झालं. कुणाचं नाव घेतलं तेही मी ऐकलं. त्यात एका अशा माणसाचं नाव होतं की ज्यानं त्या काळात काय केलं ते सगळ्या तालुक्याला ठाऊक होतं. पण त्याच्यावर खटला नव्हता. त्याची कट्यार सापडली नव्हती.

थंडीत सकिनाबी पुन्हा आली, तारखेसाठी. गफार तिला हाताला धरून पायरी सांगत होता. शरणप्पानं उठून स्वतःची खुर्ची पुढं केली. ती बसली आणि पदराची गाठ सोडून तिनं पासपोर्ट मेजाच्या दिशेनं धरला. मेज जिथं होतं तिथं नाही, थोडा बाजूला.

"ह्यो ठिवून घ्या, शरणप्पा."

"राहू द्या चाची. पुढल्या साली बघू."

"पुढल्या साली काबा म्होरं आला तरी कुणीतरी सांगावं लागंल, ह्यो बघ आला म्हणून. गफारच सांगंल म्हणा. पण मला बघायचं हुतं."

शरणप्पानं पासपोर्ट घेतला नाही. तिनं तो मेजाच्या कडेवर ठेवला. निम्मा बाहेर राहिला. गफारनं तो सावरला आणि पुन्हा तिच्या पदरात बांधला. ती अडवायला गेली नाही.

जाताना तिनं विचारलं, "कट्यारीला तेल देता का कुणी?"

"मुद्देमालाला हात लावता येत न्हाय, चाची."

"गंजंल ती," ती म्हणाली.

गंजले आहे. मूठ हिरवी पडली आहे, पात्याला पापुद्रे सुटले आहेत. टोक मात्र कुणी घासलेलं नाही. पटवेगाराच्या ओसरीवर आता मुंडावळ्या न्यायला फारसं कुणी येत नाही. सोलापूरहून तयार मिळतात. महांतप्पाच्या नातवाच्या लग्नात तेवढ्या गफारनं वळून दिल्या, असं शिपायांच्या बोलण्यातून कळलं. त्या नवरदेवाच्या हातात काय दिलं, ते कळलं नाही.

माझी विनंती मोठी नाही. मला सोडवा असं मी म्हणत नाही. लोखंडाला जिथं ठेवाल तिथं ते राहतं. ज्यांनी मला हातात धरून घोड्यावर मिरवलं त्यांनी एकदा कोर्टात येऊन मला ओळखावं, एवढंच माझं म्हणणं आहे. उशीर झाला आहे. सकिनाबीपुरता तर झालाच आहे. पण गफार अजून दर तारखेला पायी येतो, नाव पुकारलं की उभा राहतो, पुढची तारीख ऐकतो आणि आईला जेवू घालायला परत जातो.

परवाच्या तारखेला मुन्सफांनी सरकारी वकिलांना तोच प्रश्न पुन्हा विचारला. आमचं गाव लहान आहे. तिथं कोण जन्मलं आणि कोण गेलं हे सगळ्यांना माहीत असतं. कट्यार भोसकून कुणी मेल्याचं त्या गावात कुणालाच माहीत नाही. खटला उभा आहे, आरोपी उभा आहे, मुद्देमाल फळीवर आहे. मेलेल्या माणसाचं नाव अजून कुणी सांगितलेलं नाही.